थांब, आईला देतो

आई गेल्यानंतर सतराव्या दिवशी मी बाबांना फोन केला. रिंग वाजत असतानाच लक्षात आलं, की आज त्यांना हा फोन कुणाकडे देता येणार नाही.

घर सोडून मला वीस वर्षं झाली. त्या वीस वर्षांत आम्हा दोघांचं फोनवरचं बोलणं जवळपास ठरून गेलं होतं. ‘कसा आहेस?’ ‘ठीक. तुम्ही?’ ‘ठीक. थांब, आईला देतो.’ फोन आईकडे गेला की अर्धा-पाऊण तास तिकडेच. मागून बाबांचा आवाज यायचा. ‘त्याला विचार, खोकला गेला का.’ ‘त्याला सांग, रात्रीचा प्रवास करू नकोस म्हणावं.’ आई त्यांचे निरोप मला द्यायची आणि माझे त्यांना. ते तिच्यापासून दोन हातांवर बसलेले असायचे. यात काही वेगळं आहे असं मला कधी वाटलं नाही. आमच्यात माया होती, पण ती एकाकडून दुसऱ्याकडे नेण्याचं काम तिसऱ्याच माणसाकडे होतं. आई ते इतक्या सहज करायची, की ते काम आहे हेच आम्हाला कळलं नाही.

त्या दिवशी बाबांनी फोन उचलला. ‘कसा आहेस?’ ‘ठीक. तुम्ही?’ ‘ठीक,’ ते म्हणाले आणि सवयीनं पुढचं वाक्य त्यांच्या तोंडून निघालं. ‘थांब, आई...’

मग कुणीच काही बोललं नाही. मला त्यांचा श्वास ऐकू येत होता. मी आवंढा गिळला, तो त्यांनाही ऐकू गेला असेल. थोड्या वेळानं ते म्हणाले, ‘बरं, ठेवतो.’ मी फोनच्या पडद्यावर पाहिलं. ५१ सेकंद.

दोन प्रौढ माणसं, दोघांचं दुःख एकच, आणि एकालाही ते उच्चारता आलं नाही. आम्ही एकमेकांपासून काही लपवत होतो असं नाही. लपवायलाही शब्द लागतात, आधी स्वतःशी उच्चारलेले. आमच्याकडे ते नव्हतेच.

एकटं असण्याला मराठीत बरेच शब्द आहेत. एकांत आपण मागून घेतो. एकटेपणा परिस्थितीचा असतो. घरात दुसरं कुणी नाही म्हणून माणूस एकटा. एकाकीपणा मात्र भरल्या घरात येतो, ऑफिसच्या गजबजाटात येतो, फोनमध्ये चारशे नंबर असताना येतो. आणि चौथा एक शब्द आहे, ‘एकलकोंडा’. हा मला सगळ्यात कठोर वाटतो, कारण तो सगळा दोष स्वभावावर टाकून मोकळा होतो. ‘तो पहिल्यापासूनच घुमा आहे हो,’ असं कितीतरी पुरुषांबद्दल मी ऐकलं आहे आणि म्हटलंही आहे. पहिल्यापासून म्हणजे नेमकं कधीपासून, हे मात्र कधी विचारलं नाही.

मी स्वतः पहिल्यापासून असा नव्हतो. तेराव्या-चौदाव्या वर्षी मला एक जिवलग मित्र होता. शाळा सुटली की मी त्याला त्याच्या घरापर्यंत सोडायचो, मग तो मला माझ्या घरापर्यंत, मग पुन्हा मी त्याला. बोलणं संपतच नसे. त्याच्या घरातली भांडणं मला माहीत होती, मला वाटणारी अंधाराची भीती त्याला माहीत होती. चालताना त्याचा हात माझ्या खांद्यावर असायचा आणि त्यात काही विशेष आहे असं दोघांनाही वाटत नसे. मग त्याच्या वडिलांची बदली झाली. तो गेला त्या दिवशी मी सगळ्यांसमोर हुंदके देऊन रडलो. आजूबाजूची मुलं हसली, ते फारसं लागलं नाही. पण ज्यांच्याबद्दल मला फार आदर होता असे एक गृहस्थ जवळ आले, पाठीवर हात ठेवला आणि हळूच म्हणाले, ‘पुरुषासारखा पुरुष असून मुलीसारखा काय रडतोस?’ ते रागावले असते तर मी विसरलो असतो. ते मायेनं म्हणाले, म्हणून ते आत जाऊन बसलं. त्यानंतर मी कुणासमोर रडल्याचं मला आठवत नाही. आईच्या वेळीही नाही.

ही माझ्या एकट्याची गोष्ट नाही, हे खूप उशिरा कळलं. न्यूयॉर्क विद्यापीठातल्या मानसशास्त्रज्ञ नायोबी वे यांनी अमेरिकेतल्या किशोरवयीन मुलांशी वर्षानुवर्षं बोलून त्यांच्या मैत्रीचा अभ्यास केला. तेरा-चौदा वर्षांचे मुलगे आपल्या मित्रांबद्दल विलक्षण मोकळेपणानं, प्रेमाच्या भाषेत बोलत होते. गुपितं सांगायला तो नसेल तर मी वेडा होईन, अशा अर्थाचं. तीच मुलं सतरा-अठराची होईपर्यंत त्यांचा सूर बदलत गेला. मित्र असले तरी विश्वासाचे राहिले नव्हते, आणि त्याचं आता काही वाटत नाही असं ती सांगू लागली होती. याच वयात मुलग्यांमधलं आत्महत्येचं प्रमाण मुलींच्या तुलनेत झपाट्यानं वाढतं, याकडेही वे लक्ष वेधतात. त्या वयात मुलग्याचा आवाज फुटतो हे आपण सगळे बघतो. त्याच सुमारास त्याचा दुसरा एक आवाज बसतो, तिकडे कुणाचं लक्ष नसतं.

त्याच्याही मागे जाऊन पाहावं. १९७० च्या दशकात मानसशास्त्रज्ञ एडवर्ड ट्रॉनिक यांनी तान्ह्या बाळांबरोबर एक साधा प्रयोग केला. आई बाळाशी खेळता खेळता काही मिनिटं चेहरा एकदम निर्विकार करते. हसत नाही, बोलत नाही. बाळ आधी तिला हसवू पाहतं, हातवारे करतं, आणि मग कोलमडतं. पुढे ट्रॉनिक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी सहा महिन्यांचे मुलगे आणि मुली यांची तुलना केली, तेव्हा मुलगे अधिक अस्वस्थ होताना आणि सावरायला त्यांना अधिक आधार लागताना दिसले. ज्यांना आपण पुढे ‘दगड’ म्हणतो, ते पाळण्यात असताना मुळीच दगड नसतात.

आणि रडण्याचं म्हणाल, तर जर्मनीतल्या नेत्रतज्ज्ञांच्या संघटनेनं २००९ मध्ये त्यावरचे अभ्यास एकत्र मांडले होते. प्रौढ स्त्रिया वर्षातून साधारण ३० ते ६४ वेळा रडतात, पुरुष ६ ते १७ वेळा. पण तेराव्या वर्षापर्यंत मुलगे आणि मुली यांच्या रडण्यात फरक दिसत नाही. तेरा हा आकडा वाचला आणि मी बराच वेळ पुढचं वाचू शकलो नाही. वाढत्या वयात शरीरात बदलणाऱ्या संप्रेरकांचाही यात काही वाटा असेल. पण पाठीवरचा तो हात मला अजून आठवतो.

न रडलेलं कुठे जातं? आई गेल्यावर तीनेक महिन्यांनी बाबांनी शेजाऱ्यांना सांगितलं की छाती जड वाटते. ईसीजी काढला, रक्त तपासलं, सगळं व्यवस्थित. डॉक्टर म्हणाले, हृदयाला काही झालेलं नाही. बाबांनी सुटकेचा निःश्वास टाकला आणि आम्ही घरी आलो. वाटेत मला वाटत राहिलं, की ते खरं तेच सांगत होते. छाती जड होती. दुःखाला दुसरं नाव माहीत नसल्यानं त्यांनी त्याला शरीरातलं एक ठिकाण दिलं होतं.

आपल्या भावना ओळखता न येणं आणि सांगता न येणं, याला ‘अलेक्झिथायमिया’ असं नाव आहे. मानसोपचारतज्ज्ञ पीटर सिफ्निऑस यांनी १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला ग्रीक शब्द जोडून ते तयार केलं. भावनेसाठी शब्द नसणं, असा त्याचा सरळ अर्थ. पुढे रोनाल्ड लेव्हंट या मानसशास्त्रज्ञांनी म्हटलं, की याचं एक सौम्य रूप कितीतरी धडधाकट पुरुषांमध्ये दिसतं आणि ते जन्मजात नसून वाढवण्यातून येतं. त्यांचं सगळं म्हणणं सगळ्यांना मान्य नाही. पण एवढं मी माझ्यापुरतं सांगू शकतो, की कुणी मला ‘काय वाटतंय?’ असं विचारलं की मला काय *करायला हवं* ते सुचतं. काय वाटतंय ते सुचत नाही. भीती असेल तर माझी चिडचिड होते. दुःख असेल तर मी उशिरापर्यंत काम करतो. अपमान झाला असेल तर मी गप्प होतो. घरच्यांना दिसतो तो एक चिडका, कामात बुडालेला, गप्प माणूस. आतलं मूळ त्यांना दिसत नाही आणि मला सांगता येत नाही.

पुरुषांमधलं नैराश्य यामुळेच नजरेतून सुटतं. ते डोळ्यांत पाणी घेऊन येत नाही. संताप, दारू, बेदरकारपणे गाडी चालवणं, पाठदुखी, सतत काही ना काही काम काढणं अशा वेषात येतं. जागतिक आरोग्य संघटनेच्या आकडेवारीनुसार जगात दरवर्षी ७ लाखांहून अधिक माणसं स्वतःचा जीव घेतात आणि पुरुषांमधला हा दर स्त्रियांच्या दुपटीहून अधिक आहे. याची कारणं अनेक आहेत, सगळ्याला एकाकीपणा हे एकच उत्तर नाही. पण शेवटपर्यंत कुणालाच काही न सांगणं हे त्यातल्या कितीतरी घटनांमध्ये दिसतं. मागे राहिलेली माणसं म्हणतात, ‘तो कधी काही बोललाच नाही.’ कुणाच्या मनात असे विचार येत असल्याची शंका आली तर त्याला सरळ विचारावं. विचारल्यानं तो विचार डोक्यात शिरतो ही समजूत चुकीची असल्याचं अभ्यासांतून दिसलं आहे. विचारावं, त्याच्याजवळ थांबावं, आणि जाणकारापर्यंत त्याच्याबरोबर जावं.

इथे एका मैत्रिणीनं घेतलेला आक्षेप सांगायला हवा. ती म्हणाली, ‘बायका एकाकी नसतात की काय?’ असतात. स्त्री आणि पुरुष यांच्या एकाकीपणाची तुलना करणारे अभ्यास एकत्र पाहिले तर सरासरीत अगदीच थोडा फरक निघतो. मग पुरुषांचं वेगळं असं काय? मला वाटतं, वेगळी आहे ती आधाराची जागा. अमेरिकेत २०२१ मध्ये झालेल्या एका पाहणीत विचारलं होतं, की गेल्या आठवड्यात एखाद्या मित्र-मैत्रिणीकडून तुम्हाला भावनिक आधार मिळाला का? ४१ टक्के स्त्रिया हो म्हणाल्या, पुरुष २१ टक्के. त्याच पाहणीत १५ टक्के पुरुषांनी सांगितलं, की आपल्याला एकही जवळचा मित्र नाही. १९९० मध्ये असं सांगणारे ३ टक्के होते.

पुरुषाचा सगळा आधार बहुतेक वेळा एकाच ठिकाणी ठेवलेला असतो. बायकोकडे. नातेवाइकांचे वाढदिवस तिला माहीत, मुलांच्या मनातलं तिला माहीत, नवऱ्याच्या मनातलं तर त्याच्याआधी तिला माहीत. हा त्या बाईवर अन्याय आहे, आणि मी हे स्वतःच्या आईबद्दल म्हणतो आहे. दोन पुरुषांची न बोललेली सगळी वाक्यं वीस वर्षं तिनं वाहिली. तिचं कोण वाहत होतं, हा प्रश्न मला तिच्या हयातीत पडला नाही. जोडीदार गेल्यानंतर मागे राहिलेल्याचं आरोग्य ढासळतं आणि मृत्यूचा धोका वाढतो, हे अनेक देशांतल्या अभ्यासांत दिसलं आहे. आणि तो पुरुषांमध्ये अधिक वाढतो. कारण बाईचा नवरा जातो तेव्हा तिच्या बहिणी, मैत्रिणी, शेजारणी मागे उरतात. पुरुषाची बायको जाते तेव्हा तिच्याबरोबर कित्येकदा त्याची सगळी माणसं जातात. ती माणसं तिनं जोडलेली असतात.

माणसाच्या सुखाचा जगातला सगळ्यात दीर्घ अभ्यास मानला जातो तो पुरुषांवरच सुरू झाला. १९३८ मध्ये हार्वर्डच्या २६८ विद्यार्थ्यांपासून. नंतर त्यात बोस्टनच्या गरीब वस्त्यांमधल्या ४५६ मुलग्यांची भर पडली. या दोन्ही गटांतले कुणी कारखान्यात गेले, कुणी वकील झाले, हार्वर्डच्या गटातले जॉन केनेडी राष्ट्राध्यक्ष झाले. अभ्यासाचे सध्याचे प्रमुख रॉबर्ट वॉल्डिंगर सांगतात, की पन्नाशीत जे आपल्या नात्यांमध्ये सर्वांत समाधानी होते, तेच ऐंशीत सर्वांत निरोगी निघाले. कोलेस्टेरॉलवरून जेवढा अंदाज आला नाही, तेवढा नात्यांवरून आला. मानसशास्त्रज्ञ ज्युलिअॅन होल्ट-लुनस्टाड आणि सहकाऱ्यांनी २०१० मध्ये १४८ अभ्यासांमधली तीन लाखांवर माणसं एकत्र तपासली, तर घट्ट नाती असलेल्यांची जगण्याची शक्यता ५० टक्क्यांनी अधिक दिसली. ब्रिटननं २०१८ मध्ये आणि जपाननं २०२१ मध्ये एकाकीपणासाठी खास मंत्री नेमला, ते उगाच नव्हे.

जॉन कॅसिओपो या शास्त्रज्ञांनी अनेक वर्षं एकाकीपणाचा अभ्यास केला. ते म्हणायचे, की हा तहान-भुकेसारखा शरीराचा इशारा आहे. शरीराला पाणी हवं असतं तेव्हा तहान लागते, माणसं हवी असतात तेव्हा एकाकी वाटतं. मला हे फार धीर देणारं वाटतं. तहान लागली म्हणून कुणी स्वतःला दुबळा समजत नाही. पण त्यांनीच दुसरीही गोष्ट दाखवली. हा इशारा फार काळ वाजत राहिला तर मन सावध, संशयी होत जातं. समोरच्याच्या साध्या बोलण्यातही नकार दिसू लागतो. म्हणजे ज्याला माणसांची सर्वांत जास्त गरज, तोच माणसांना दूर लोटायला लागतो. ‘त्याला फोन केला तर तो तुटक बोलतो,’ म्हणून आपण फोन करायचं सोडतो, आणि त्याचा संशय खरा ठरतो.

या तहानेवर धंदा करणारेही आहेत. एकाकी तरुणाला इंटरनेटवर एक आवाज लगेच भेटतो, जो सांगतो की तुझ्या दुःखाला बायका जबाबदार आहेत, तू अजून कठोर हो. तहानलेल्याला खारं पाणी पाजण्यातलाच हा प्रकार. त्या मुलांचा मला राग येत नाही. त्यांच्या दुःखाला पहिल्यांदा कुणीतरी दुःख म्हटलेलं असतं, म्हणून ती तिकडे जातात. ते आधी आपण म्हणायला हवं होतं.

आता मला एका मित्राबद्दल सांगायचं आहे. नऊ वर्षं दर रविवारी सकाळी आम्ही बॅडमिंटन खेळायचो. नऊ वर्षं, एकाच कोर्टवर. एके दिवशी तिसऱ्याच माणसाकडून कळलं, की तो आठ महिन्यांपासून वेगळा राहतो, बायको मुलीला घेऊन गेली. मी त्याला विचारलं, ‘अरे, बोलला का नाहीस?’ तो म्हणाला, ‘विषयच निघाला नाही.’

विषय निघाला होता. मला आठवलं. सहा-सात महिन्यांपूर्वी बुटांच्या नाड्या बांधताना तो म्हणाला होता, ‘हल्ली झोप नीट लागत नाही रे.’ आणि मी त्याला दहा मिनिटं उपाय सांगितले होते. झोपायच्या आधी फोन बघू नकोस, संध्याकाळी चालत जा, अमुक डॉक्टर चांगले आहेत, नंबर पाठवतो. नंबर पाठवलाही. तो म्हणाला, ‘हो, करतो.’ आणि आम्ही खेळायला गेलो. मला वाटलं होतं, मी मित्राच्या उपयोगी पडलो. आज कळतं, की त्यानं दार बोटभर उघडलं होतं आणि मी ते माझ्या उपायांनी पुन्हा लावून घेतलं. ‘का लागत नाही?’ एवढंच विचारायचं होतं. दोन-तीन शब्दांचा प्रश्न.

पुरुषांनी बोलायला शिकलं पाहिजे, असं सगळीकडे लिहिलेलं वाचतो. खरं आहे, पण अर्धं. तो बोलला होता. आपल्या पद्धतीनं, नाडीकडे बघत, झोपेच्या नावानं बोलला होता. ऐकायला मी कमी पडलो. पुरुषाचं पहिलं वाक्य बहुतेक वेळा चाचपणीचं असतं. पाण्यात पाय घालून बघावा तसं. त्या वाक्याला उपदेश मिळाला, की पाय मागे घेतला जातो. त्याच्यापुढे एक प्रश्न आला, तर कदाचित दुसरा पायही पुढे येतो.

मला इथे अर्जुन आठवतो. दोन्ही सैन्यांच्या मधोमध उभा राहून तो म्हणाला होता, माझी गात्रं गळून गेली आहेत, तोंडाला कोरड पडली आहे, अंग थरथरतंय, धनुष्य हातातून निसटतंय. त्या काळातला सर्वश्रेष्ठ योद्धा आपली अवस्था इतक्या तपशिलात सांगतो, आणि ती सांगतो सारथी म्हणून बसलेल्या मित्राला. त्यावर कृष्णाचंही पहिलं उत्तर काय होतं? हा नामर्दपणा सोड, ऊठ. माझ्या पाठीवर हात ठेवणाऱ्या गृहस्थांचंच उत्तर. पण अर्जुन उठला नाही. तो पुन्हा म्हणाला, मला काही सुचत नाही, मला सांग. आणि कृष्णाला थांबून बोलत बसावं लागलं. त्या संवादाच्या पहिल्या अध्यायाला परंपरेनं नाव दिलं ते विषादाचं, आणि त्यालाही ‘योग’ म्हटलं. विषादयोग. हा शब्द लहानपणापासून कानांवर आहे. मित्रासमोर कोलमडणं त्यात अप्रतिष्ठेचं नाही, ती सुरुवात आहे, हे मला चाळिशीनंतर उमगलं.

ऑस्ट्रेलियात १९९० च्या दशकात ‘मेन्स शेड’ नावाची चळवळ सुरू झाली. वस्तीतली एखादी शेड, त्यात सुतारकामाची आणि दुरुस्तीची हत्यारं, आणि तिथे जमणारे पुरुष, बरेचसे निवृत्त झालेले किंवा एकटे पडलेले. आज तिथे अशा हजारावर शेड आहेत, आणि ब्रिटन, आयर्लंड, कॅनडातही ती पोहोचली आहे. पुरुष समोरासमोर बसून बोलत नाहीत, खांद्याला खांदा लावून बोलतात, असं त्या चळवळीत म्हणतात. हात कामात असले आणि डोळ्यांना बघायला तिसरं काहीतरी असलं, की जीभ सुटते. मैत्रीचा अभ्यास करणारे रॉबिन डनबर यांनाही हेच दिसलं आहे: दूर गेलेल्या मैत्रिणींची मैत्री बोलण्यानं टिकते, मित्रांची मात्र एकत्र काहीतरी केल्यानं. नोकरी बदलली, शहर बदललं, खेळ सुटला, की पुरुषाची मैत्री म्हणूनच इतक्या लवकर विरते. आणि नवी मैत्री स्वस्तात होत नाही. कॅन्सस विद्यापीठाच्या जेफ्री हॉल यांनी २०१८ मध्ये हिशेब मांडला. जवळचा मित्र व्हायला दोनशेहून अधिक तास एकत्र घालवावे लागतात. संसारात आणि कामात बुडालेला चाळिशीचा माणूस दोनशे तास कुठून आणणार? त्यानं जुने दोनशे तास तरी वाया घालवू नयेत.

बॅडमिंटनची नऊ वर्षं माझ्यासमोर आहेत, म्हणून खांद्याला खांदा लावणं पुरेसं आहे असंही मी म्हणणार नाही. त्या खांद्यांपैकी एकानं कधीतरी थोडं वळून बघावं लागतं.

आई गेल्यावर पाचव्या महिन्यात मी बाबांकडे गेलो. दोन दिवस आम्ही एका घरात दोन खोल्यांतून वावरलो. तिसऱ्या दिवशी पंखा आवाज करायला लागला. मी स्टुलावर चढलो, ते खाली स्टूल धरून उभे. पाती काढली, पुसली, एक स्क्रू सैल होता तो आवळायला घेतला. वर बघत असल्यानं मला त्यांचा चेहरा दिसत नव्हता आणि त्यांना माझा. खालून आवाज आला, ‘पहाटे चारला जाग येते. मग झोप लागत नाही.’

माझ्या तोंडावर उपाय आला होता. दुपारी झोपत जाऊ नका. मी तो गिळला. आयुष्यभर आवंढे गिळले, त्या दिवशी पहिल्यांदा उपदेश गिळला. विचारलं, ‘का? चारलाच का?’

बराच वेळ काही उत्तर आलं नाही. मी स्क्रू फिरवत राहिलो. तो केव्हाच घट्ट झाला होता. मग ते म्हणाले, ‘ती चारला उठायची ना. दाराची कडी वाजायची. आता ती वाजत नाही, म्हणून जाग येते.’

आवाजानं झोप मोडते हे मला माहीत होतं. न येणाऱ्या आवाजानंही मोडते, हे माझ्या वडिलांनी मला सांगितलं. ज्यांना मी घुमा समजत आलो होतो, त्यांनी. मी खाली उतरलो नाही. उतरलो असतो तर आम्हाला एकमेकांकडे बघावं लागलं असतं आणि बोलणं थांबलं असतं. मी वरूनच म्हणालो, ‘मलाही ती आठवते, बाबा.’ स्टुलावरची त्यांची पकड घट्ट झालेली मला पायाला जाणवली. ते म्हणाले, ‘हं.’ पुढे त्यांनी चार-पाच वाक्यं सांगितली, ती इथे लिहिणार नाही.

त्यानंतर सगळं बदललं असं नाही. आजही बरेचसे फोन दोन मिनिटांचे असतात. आईला मी ‘अगं’ म्हणायचो, बाबांना ‘अहो’ म्हणतो. त्या दोन हाकांमधलं अंतर एका पंख्यानं मिटत नाही. पण आता ते ‘ठीक’ म्हणाले की मी फोन ठेवायची घाई करत नाही. विचारतो, चारला जाग आली का? कधी हो म्हणतात, कधी विषय बदलतात. विषय बदलला तर मी बदलू देतो, दुसऱ्या दिवशी पुन्हा विचारतो. त्या मित्रालाही विचारतो. पहिल्यांदा विचारलं तेव्हा माझे हात थरथरत होते. तो आधी संशयानं बघत राहिला, आणि मग आम्ही त्या रविवारी खेळलोच नाही.

गेल्या आठवड्यात ऑफिसात एक वाईट दिवस गेला. रात्री नेहमीप्रमाणे बाबांना फोन लावला. त्यांचं झालं: झोप, गुडघा, शेजाऱ्यांचा नातू. मग त्यांनी विचारलं, ‘तू कसा आहेस?’

‘ठीक,’ मी म्हणालो.

पलीकडे थोडा वेळ नुसता श्वास ऐकू आला. मला वाटलं, आता ‘बरं, ठेवतो’ म्हणतील.

‘ठीक म्हणजे कसा?’ बाबांनी विचारलं.

मी खुर्ची ओढून बसलो.